चाल कुणाची, नाव कुणाचे?

भीमजयंतीला वस्तीत कॅमेरेवाले येतात. गायनपार्टीचे एखादे गाणे टिपतात. पुढे ते टी.व्ही.वर दिसते, घरोघरी आनंद होतो. आमच्या वस्तीतल्या एका गायकालाही झाला. पण शेवटच्या नामावलीत त्याचे नाव नव्हते. रात्री जागून बांधलेल्या त्याच्या चालीपुढे ‘पारंपरिक’ असे लिहिले होते. तो म्हणाला, “जाऊ द्या साहेब, गाणं तर लोकांपर्यंत गेलं.” मला मात्र ते जाऊ देता आले नाही.

माहितीपटाचे संगीत ही वेगळी कला आहे. तिथे बोलणाऱ्या माणसाचा शब्द मुख्य. सूर कुठल्या सेकंदाला सुरू करायचा आणि कुठे गप्प राहायचे, हे चित्र पाहून ठरवावे लागते. आई मेलेल्या लेकराबद्दल सांगत असताना मागे व्हायोलिन कशाला? काही माहितीपटांना तर बाहेरच्या संगीताची गरजच नसते. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) मध्ये शाहीर विलास घोगरे गायले. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. तो आघात सहन न होऊन घोगरे यांनी काही दिवसांतच जीवनयात्रा संपवली. पटवर्धन यांनी त्यानंतर चौदा वर्षे खपून ‘जयभीम कॉम्रेड’ (२०११) पूर्ण केला. तीन तासांहून मोठ्या या चित्रपटाचा प्राण म्हणजे आपल्या शाहिरांची, गायिकांची गाणी.

म्हणजे आपल्या गाण्याला मोल आहे. कायदाही तेच म्हणतो. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. चित्रपटासाठी गीत किंवा चाल दिली, तरी चित्रपटगृहातील प्रदर्शन सोडून टी.व्ही.सारख्या इतर वापराच्या रॉयल्टीत गीतकार-संगीतकाराचा समान वाटा राहतो. हा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही. दिला तरी तो करार टिकत नाही. हक्क मिळण्यासाठी नोंदणीची सक्ती नाही, पण पुरावा हवा.

म्हणून गायकबंधूंनो, भगिनींनो, एक वही करा. गीत, तारीख, कवीचे नाव, चाल बांधणाऱ्याचे नाव लिहा. मोबाइलवर चाल नोंदवून ठेवा. चित्रीकरणाआधी नावे कशी येणार आणि मानधन किती, हे कागदावर घ्या. न वाचता सही करू नका. इंग्रजी कागद शिकलेल्या मुलांकडून वाचून घ्या. इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी ही गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था आहे, तिच्या सभासदत्वाची चौकशी करा.

आपणही प्रामाणिक राहू. सिनेमाच्या चालीवर गीत रचले असेल, तर शब्द आपले, चाल दुसऱ्याची, हे मान्य करावे. दुसऱ्याचे श्रम ओळखणारालाच आपल्या श्रमाचा हिशेब ताठ मानेने मागता येतो.

बाबासाहेबांनी आपल्याला कायद्याचे बळ दिले. ते बळ गाण्याच्या वहीतही उतरू द्या.

जयभीम!