दारिद्र्याचे चक्र आणि उचलीचा हिशेब

दारिद्र्याची चर्चा करताना ‘चक्र’ ही प्रतिमा अभ्यासकांना नेहमीच सोयीची वाटत आलेली आहे. रॅग्नर नर्क्स यांच्या १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात अल्प उत्पन्न, अल्प बचत, अल्प भांडवल आणि पुन्हा अल्प उत्पन्न अशी मांडणी आली, आणि ‘दारिद्र्याचे दुष्टचक्र’ हा शब्दप्रयोग भारतीय पाठ्यपुस्तकांतूनही रूढ झाला. त्याच दशकाच्या अखेरीस ऑस्कर लुईस यांनी मेक्सिकोतील कुटुंबांच्या अभ्यासातून ‘दारिद्र्याची संस्कृती’ ही कल्पना पुढे आणली. पहिल्या मांडणीत उणीव भांडवलाची आहे. दुसरीत ती हळूहळू गरिबाच्या स्वभावाकडे सरकते. या दोन्ही मांडण्यांत भेद पुष्कळ असला तरी एक साम्य आहे. दोहोंतही चाक आपोआप फिरते. ते फिरविणारा हात दिसत नाही.

मराठी वाचकाला याचे आश्चर्य वाटावयास हवे. कारण नर्क्स यांच्या आधी सत्तर वर्षे, १८८३ साली, जोतीराव फुले यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिताना अविद्येपासून वित्तनाशापर्यंतची साखळी उलगडून दाखविली होती. मात्र ती साखळी दाखवून ते थांबले नाहीत. धर्माच्या नावाने वसुली करणारा, कर्जाचा कागद लिहून घेणारा आणि सरकारी कचेरीत बसणारा, अशा एकेका हाताकडे त्यांनी बोट दाखविले. दारिद्र्याच्या विचारातील हा फरक केवळ शैलीचा नाही. चक्र मोडावयाचे असेल तर आधी ते कोण फिरवितो हे विचारणे भाग आहे.

महाराष्ट्रातील ऊसतोड मजुरांचे उदाहरण या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. बीड, अहिल्यानगर, जालना, धाराशिव या जिल्ह्यांतील अवर्षणग्रस्त पट्ट्यांतून दरवर्षी दिवाळीच्या आगेमागे लाखो माणसे पश्चिम महाराष्ट्रातील आणि कर्नाटकातील साखर कारखान्यांच्या परिसरात जातात व कारखान्याचा पट्टा पडला की परततात. निघण्यापूर्वी मुकादमाकडून त्यांना ‘उचल’ मिळते. मराठीत उचलणे म्हणजे वर घेणे, आधार देणे; परंतु ही उचल माणसाला खालीच दाबते. पावसाळ्यात घरातील धान्य, आजारपण, लग्न यांवर ती खर्च होऊन जाते आणि मग पाच-सहा महिन्यांच्या श्रमांतून ती फेडावयाची असते. आजारपणाने वा बाळंतपणाने काम बुडाले तर त्या दिवसाचा ‘खाडा’ धरला जातो, म्हणजे मजुरी तर जातेच, वर दंड चढतो. हंगामाअखेर उचल फिटली नाही तर बाकी पुढील वर्षाच्या नावे पडते, आणि पुढील वर्षी त्याच मुकादमाकडे जाणे ओघानेच येते.

या व्यवस्थेत मोजणीचे एकक माणूस नसून ‘कोयता’ आहे. पती आणि पत्नी मिळून एक कोयता होतो. एकटा माणूस अर्धा कोयता. पुरुष ऊस तोडतो, स्त्री तो गोळा करून मोळ्या बांधते, डोक्यावरून वाहून गाडीत भरते. पहाटेचा आणि रात्रीचा स्वयंपाक, पाणी, लेकरू हे सर्व याखेरीज. मात्र उचल नवऱ्याच्या नावावर आणि हिशेबही त्याच्याशीच. तिच्या श्रमाची स्वतंत्र नोंद कोठेही नाही. बीड जिल्ह्यात गर्भाशय काढून टाकण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ साली विधिमंडळात गाजला. त्यानंतर झालेल्या सरकारी पाहणीत ऊसतोड करणाऱ्या सुमारे ८२ हजार स्त्रियांपैकी १३ हजारांहून अधिक स्त्रियांची ही शस्त्रक्रिया झालेली आढळली. यामागे अनेक कारणे असतील; परंतु जेथे विश्रांतीचा दिवस दंडास पात्र ठरतो, तेथे स्त्रीने स्वतःच्या शरीराकडे अडथळा म्हणून पाहावे, यात तिच्या ‘मनोवृत्ती’चा दोष किती आणि हिशेबाच्या वहीचा किती, हे वेगळे सांगावयास नको.

चक्राची पुढील फेरीही याच वहीत लिहिलेली असते. शाळेचे वर्ष जूनमध्ये सुरू होते आणि दिवाळीच्या सुमारास मूल आईबापांबरोबर फडावर जाते. तेथे थोरली बहीण धाकट्यांना सांभाळते. वयात आलेल्या मुलीला गावी एकटी ठेवणे धोक्याचे आणि कोपीत नेणेही धोक्याचे, म्हणून तिचे लग्न उरकले जाते. लग्न झाले की एक नवा कोयता तयार होतो आणि त्याला नवी उचल मिळते. अशा रीतीने कर्जाची व्यवस्था स्वतःला लागणारे पुढचे मजूर स्वतःच तयार करते. हंगामी वसतिगृहांची योजना आणि कारखान्यांच्या परिसरातील साखरशाळा हे प्रयत्न मोलाचे आहेत. तथापि ते मुलाला वाचविण्याचा यत्न करतात, उचलीला हात लावीत नाहीत.

कायद्याने या प्रश्नावर मौन धरलेले आहे असे मात्र नाही. बंधबिगार पद्धतीचे निर्मूलन करणारा कायदा १९७६ साली झाला. आशियाई क्रीडास्पर्धांच्या बांधकामावरील मजुरांसंबंधी १९८२ साली निर्णय देताना सर्वोच्च न्यायालयाने किमान वेतनाहून कमी मोबदल्यात करून घेतलेले काम हे संविधानाच्या तेविसाव्या अनुच्छेदाखालील सक्तीचे श्रम ठरविले. पोटाची निकड हीदेखील एक सक्तीच आहे, हे त्यातील मर्म होते. हरियाणातील दगडखाणींच्या प्रकरणात १९८४ साली न्यायालयाने, सक्तीचे श्रम सिद्ध झाल्यास त्यामागे आगाऊ रक्कम आहे असेच गृहीत धरावे, असे म्हटले. या दोन निर्णयांच्या प्रकाशात उचलीकडे पाहिले तर तिला ‘रूढ पद्धत’ म्हणून सोडून देणे अवघड जाते.

साहित्याने याबाबतीत काय केले, हाही प्रश्न विचारावयास हवा. ‘बलुतं’ (१९७८) आणि ‘उपरा’ (१९८०) या आत्मकथनांनी मराठी वाचकाची झोप उडविली. पुढे तमिळमध्ये बामा यांचे ‘करुक्कु’ (१९९२) आणि हिंदीत ओमप्रकाश वाल्मीकि यांचे ‘जूठन’ (१९९७) आले. भाषा निराळ्या, प्रदेश निराळे. परंतु शाळेच्या दाराशी होणारा झगडा सर्वत्र आहे. वाचक मात्र या ग्रंथांतून बहुधा एकच निष्कर्ष काढतो: एक मुलगा शिकला, एक मुलगी शिकली आणि चक्र तुटले. ग्रंथ स्वतः असे म्हणत नाहीत. निवेदक बाहेर पडतो, वस्ती तेथेच राहते, आणि मागे राहिलेल्यांचे ओझे त्याच्या प्रत्येक पानावर असते. एकाचे सुटणे हा पुरावा आहे, उपाय नव्हे. ज्या वस्तीतून एकच मूल सुटते, तेथील इतर मुलांत उणीव होती असे मानणे म्हणजे ‘दारिद्र्याच्या संस्कृती’चाच मागल्या दाराने स्वीकार करणे होय.

समूहाने सुटण्याची उदाहरणे दुर्मीळ असली तरी अज्ञात नाहीत. अहिल्यानगर जिल्ह्यातीलच हिवरे बाजार या गावातून माणसे कामासाठी बाहेर पडत होती. १९९० च्या सुमारास पोपटराव पवार यांच्या नेतृत्वाखाली गावाने पाणलोटाची कामे केली, शेतीसाठी कूपनलिका आणि उसासारखे पीक यांवर स्वतःहून बंदी घातली, पाण्याचा वार्षिक ताळेबंद मांडला; आणि बाहेर गेलेली कुटुंबे परतली. केरळने अतिदारिद्र्यात असलेली ६४,००६ कुटुंबे निश्चित करून प्रत्येकाची गरज स्वतंत्रपणे नोंदविली व १ नोव्हेंबर २०२५ रोजी राज्य अतिदारिद्र्यमुक्त झाल्याची घोषणा केली. त्या घोषणेतील निकषांविषयी मतभेद आहेत आणि ते असावेतही. तथापि हिवरे बाजारने पाणी मोजले, केरळने कुटुंबे मोजली; दोन्ही ठिकाणी मोजणीची वही गरिबाच्या बाजूने उघडली गेली, हे ध्यानात घेण्यासारखे आहे.

ऊसतोड मजुरांच्या बाबतीत ती अद्याप मुकादमाच्या हाती आहे. तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ करण्याचे जानेवारी २०२४ मध्ये मान्य झाले, त्यांच्यासाठी महामंडळही स्थापन झाले आहे. परंतु दर कितीही वाढला तरी उचलीचा लेखी हिशेब मजुराच्या हाती नसेल, स्त्रीची मजुरी तिच्या स्वतःच्या नावे जमा होणार नसेल, खाड्याला कायदेशीर आळा बसणार नसेल आणि पावसाळा सरल्यावर गावातच पाणी व काम राहणार नसेल, तर वाढीव दराने फक्त वाढीव उचल मिळेल. या चारांपैकी एकही गोष्ट मजुराच्या सद्गुणांवर अवलंबून नाही.

चक्र तोडण्याची जबाबदारी नेहमी त्यात सापडलेल्यांवर टाकली जाते. त्यांनी बचत करावी, मुलांना शिकवावे, लग्ने उशिरा करावीत, असे सांगण्यात येते. हा उपदेश खोटा नाही, अपुरा आहे. गोणीभर साखरेच्या किमतीत ज्यांचा ज्यांचा वाटा आहे, त्या कारखानदार, सहकार, शासन आणि ग्राहक या सर्वांची नावे त्या वहीत लिहिली जात नाहीत, तोवर दरवर्षी दिवाळीनंतर गावे ओस पडत राहतील, आणि शाळेच्या हजेरीपटावर तीच नावे गैरहजर लागत राहतील.