फ्रीलान्सर नंबर वन

वीकेंडला गेटवेवरून मांडव्याची बोट पकडणाऱ्या मंडळींची अलिबागची लिस्ट ठरलेली असते. बीच, मासे आणि ओहोटी असेल तर कुलाबा किल्ल्यापर्यंत पायी चक्कर. या लिस्टमध्ये एक नाव अॅड करा. दुर्गा खोटे! उतारवयात त्यांनी याच अलिबागला घर केलं होतं.

आपल्या पिढीला त्या माहीत आहेत 'मुघल-ए-आझम'मधली जोधाबाई म्हणून. मला मात्र त्या आवडतात वेगळ्याच कारणासाठी. महिनाभर पेमेंटची वाट बघणाऱ्या आम्हा फ्रीलान्सर जमातीच्या त्या मूळपुरुष. सॉरी, मूळस्त्री!

जन्म १९०५चा, मुंबईच्या सुखवस्तू लाड घराण्यातला. शिक्षण कॉन्व्हेंटचं. लग्नानंतर सासरची श्रीमंती ओसरली आणि दोन मुलांच्या आईला कमाईचा विचार करावा लागला. १९३१मध्ये 'फरेबी जाल'मध्ये छोटंसं काम मिळालं. बाकीच्या सिनेमात काय आहे, याची त्यांना कल्पनाच नव्हती. सिनेमा लागला आणि जो गहजब झाला, विचारू नका! चांगल्या घरातली बाई पडद्यावर, आणि तीही असल्या सिनेमात?

दुसरं कुणी असतं तर घरी बसलं असतं. दुर्गाबाई पुढच्याच वर्षी प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'त तारामती झाल्या. हा पहिला मराठी बोलपट. प्लेबॅक नव्हताच, त्यामुळे गाणीही स्वतःच म्हटली. नावं ठेवणारेच आता तिकिटाच्या रांगेत उभे!

खरी गंमत पुढे आहे. त्या काळी नट-नट्या स्टुडिओचे पगारी नोकर. एक स्टुडिओ, महिन्याचा पगार, विषय संपला. दुर्गाबाईंनी हे बंधन मानलं नाही. प्रभातचं काम केलं, कलकत्त्याला जाऊन 'राजरानी मीरा' आणि 'सीता' केले, १९३६मध्ये परत प्रभातच्या 'अमरज्योती'त आल्या. त्यात त्या चक्क समुद्री लुटारू, सौदामिनी. कान्होजी आंग्र्यांच्या किल्ल्याकडे बघताना हा रोल आठवून बघा!

लवकर वैधव्य आलं. हाताशी महिन्याचा ठरलेला पगार नाही, तरी दोन मुलं वाढवायची. हे सगळं त्यांनी निभावलं. १९४१च्या 'पायाची दासी'त, पस्तिशी नुकतीच ओलांडलेली असताना त्या खाष्ट सासू झाल्या. हिरॉइनचा इगो कुरवाळत बसल्या नाहीत. रंगभूमीवर 'भाऊबंदकी'तली आनंदीबाई गाजवली. मग स्वतःची कंपनी काढून शॉर्ट फिल्म्स आणि जाहिराती केल्या. १९८८ची 'वागळे की दुनिया' ही मालिका याच कंपनीची! १९८३मध्ये दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, तेव्हा त्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या होत्या.

'जॉब सोडू का?' असं विचारणारे मित्र दर अप्रेझलनंतर फोन करतात. त्यांना मी एवढंच सांगते, दुर्गाबाईंचं 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र आधी वाचा. फ्रीलान्सिंग म्हणजे मनाला येईल तेव्हा सुट्टी नव्हे. समोर येईल तो रोल जीव ओतून करणं, आणि लोक काय म्हणतील हे लोकांवरच सोडून देणं!