मधली तुकडी

महाडच्या बाजारात सुरमई घ्यायला उभं राहिलं की एक गोष्ट दर वेळी दिसते. मधली तुकडी सगळ्यांना हवी असते. डोकं कोणीतरी कालवणाला म्हणून उचलतं, शेपटाकडच्या भागावर घासाघीस होते. किंग क्रिमसन या इंग्लिश रॉक बँडने १९९६ साली नुसत्या मधल्या तुकड्यांचा अख्खा अल्बम काढला. नाव ‘थ्राकट्टाक’. आपल्या कानाला हा सरळ तबल्याचा बोल वाटतो. माझ्या एका तबलजी मित्राला नाव सांगितलं, तर त्याने आधी मांडीवर वाजवून पाहिलं आणि मग विचारलं, “कोणत्या घराण्याचा?”

घराणं जरा आडदांड आहे. त्या काळात बँडमध्ये सहा जण होते : दोन गिटारवाले, खालचे सूर सांभाळणारे दोघे आणि दोन ड्रमवाले. १९९५ मध्ये जपान आणि अमेरिकेच्या दौऱ्यांत ते ‘थ्राक’ नावाची एक रचना वाजवत. तिची सुरुवात आणि शेवट बांधलेले, मधे मोकळं रान. तिथे पोहोचलं की जे सुचेल ते वाजवायचं. पुढे या मैफलींची ध्वनिमुद्रणं समोर ठेवून फक्त ही मोकळी रानं कापून काढली, वेगवेगळ्या गावांची, वेगवेगळ्या रात्रींची, आणि एकाला एक जोडली. अल्बम तासाभराला थोडा कमी. दोन्ही टोकांना बांधलेलं ‘थ्राक’ जेमतेम दोन-तीन मिनिटं, बाकी सगळं उत्स्फूर्त. त्यातल्या एका तुकड्याचं नाव तर असं आहे, की कोंबडीच्या ओठांची हजामत चाललीय आणि आईला मेणबत्ती नीट धरायला सांगितलंय. बारसं करणाऱ्याने मजा केलीय.

हा अल्बम एका बैठकीत मी आजवर दोनदाच ऐकू शकलो. वाजवण्यात काही खोट नाही. काही जागा तर अशा, की अंगावर काटा येतो : कुठून तरी पियानोसारखे सूर सांडतात, दोन ड्रम एकमेकांना हुलकावणी देतात. तरी पंधराव्या मिनिटाला मी थकतो. कारण उघड आहे. आपला गवई ख्यालात कितीही लांब भटकला, तरी मुखडा घेऊन समेवर येतो. भटकणं गोड लागतं ते या परतण्यामुळे. तिकडच्या मैफलीतल्या श्रोत्यालाही ते परतणं मिळत होतं : ‘थ्राक’चे घणाघाती ठोके, मग रान, मग पुन्हा ठोके. अल्बममध्ये मात्र समेशिवाय पाऊण तासाहून जास्त. मधलीच तुकडी, पण ताटात नुसती तीच, भात नाही की कालवण नाही.

हे सगळं तिऱ्हाइतासारखं लिहिलं असतं. पण कात्री मीही चालवली आहे, आणि तीही रेकॉर्डिंग चालू असतानाच.

आमच्या भागात शिमग्याला पालखी निघते तेव्हा पुढे खालू बाजा असतो. सनई, ढोल, टिमकी, झांज. दोन वर्षांपूर्वी ठरवलं, हे मोबाइलवर नीट मुद्रित करायचं. पालखी सहाणेवर टेकली, वाजवणारे चहाला बसले. बॅटरी वाचवावी म्हणून मी रेकॉर्डिंग थांबवलं. तेवढ्यात सनईवाल्या काकांनी पत्ती ओली करून पाहिली. नुसता एक लांब सूर. मग तोच सूर जरा खालून. टिमकीवाल्याने बोटांच्या टोकांनी साथ धरली. ढोलवाला टिपरू मांडीवर ठेवून बसला होता. त्याने ते उचललं, आणि परत मांडीवर ठेवलं. वाजवलं नाही. एक पेला चहा निवेपर्यंत हे चाललं आणि संपलं. सकाळी अंग शेकायला सव गावच्या गरम पाण्याच्या कुंडावर गेलो, पाय पाण्यात सोडून मोबाइल कानाला लावला. साडेतीन तासांचं सगळं होतं, ते सोडून.

टिपरू खाली ठेवणाऱ्या त्या ढोलवाल्याला मी मनातल्या मनात ब्रुफर्ड म्हणतो. २३ नोव्हेंबर १९७३ ला ॲमस्टरडॅमच्या कॉन्सर्टखबौ सभागृहात याच किंग क्रिमसनचे तिघे, व्हायोलिन, मेलोट्रॉन आणि बास घेऊन, ऐनवेळी एक हळुवार चीज वाजवू लागले. ड्रमवाला बिल ब्रुफर्ड काठ्या छातीवर फुलीसारख्या धरून शेवटपर्यंत गप्प बसला. ‘ट्रिओ’ या नावाने ती चीज १९७४ च्या अल्बमात आली, तेव्हा रचनाकारांत त्याचंही नाव छापलं. न वाजवल्याबद्दल! आपल्याकडे संगतकाराचं नाव पत्रिकेत छापायची मारामार, तिथे ही रीत मला फार आवडली.

तो १९७४ चा अल्बमही बराचसा मैफलींतून उचललेला आणि टाळ्या पुसून टाकलेला. पण त्यांनी मूळ टेप सांभाळल्या. ॲमस्टरडॅमची ती अख्खी रात्र १९९७ मध्ये ‘द नाइट वॉच’ नावाने बाहेर आली. तिच्यात ‘ट्रिओ’च्या आधी काय वाजलं आणि नंतर काय, हे ऐकलं की ब्रुफर्डचे गप्प हात जास्त मोठे वाटतात. म्हणून कात्रीवर माझा राग नाही. मागे अख्खा मासा शाबूत असेल तर मधली तुकडी खुशाल काढावी.

आपल्या खालू बाजाची मात्र आता तीस सेकंदांची रील तेवढी उरते. ढोल सगळ्यात जोरात असतो तेवढीच. सनईवाले काका सत्तरीच्या पुढचे आहेत आणि त्यांच्या हाताखाली कोणी शिकत नाही. येत्या शिमग्याला गावी जाणार असाल, तर पालखी निघाल्यापासून पुन्हा जाग्यावर बसेपर्यंत एकाने तरी मोबाइल चालू ठेवा. चहाच्या वेळीसुद्धा. पॉवर बँक बरोबर न्या.

– कानसेन