लीग म्हणजे तारखांचा करार : फुटबॉल हंगामाच्या वेळापत्रकाचा इतिहास, पनवेलच्या शेजारून

१/
२० डिसेंबर २०१४. पनवेलहून लोकलने निघाल्यास सहावे स्थानक नेरूळ. तेथील डी. वाय. पाटील स्टेडियमवर इंडियन सुपर लीगच्या पहिल्या हंगामाचा अंतिम सामना झाला. अ‍ॅटलेटिको डी कोलकाताने केरला ब्लास्टर्सचा १–० असा पराभव केला. मोहम्मद रफीकचा गोल भरपाई वेळेत झाला. विजेतेपद कोलकात्याकडे गेले.

२/
आता त्या हंगामाचा साखळी गुणतक्ता पाहावा. पहिला चेन्नईयिन, दुसरा गोवा, तिसरा कोलकाता, चौथा केरळ. म्हणजे विजेतेपदासाठी लढले ते तिसऱ्या आणि चौथ्या क्रमांकाचे संघ. सुमारे दोन महिने चाललेल्या साखळीत जो अव्वल ठरला, त्याच्या नावावर कोणताही चषक नोंदला गेला नाही.

३/
यात नियमभंग काहीच नव्हता. तरीही इतिहासाच्या अभ्यासकाला येथे एक प्रश्न पडायला हवा : ही ‘लीग’ होती, की लीगचे नाव घेतलेली चषक स्पर्धा? हा भेद केवळ शब्दांचा नाही. खेळाडूचा महिन्याचा पगार त्यावर अवलंबून असतो. ते समजण्यासाठी १८८८ च्या इंग्लंडमध्ये जावे लागते.

४/
इंग्लंडमध्ये १८८५ साली खेळाडूंना उघडपणे पैसे देण्यास मान्यता मिळाली आणि क्लबांपुढे नवीच अडचण उभी राहिली. पगार दर आठवड्याला द्यायचा. उत्पन्न मात्र सामना झाला तरच. सामने दोन प्रकारचे असत : चषकाचे आणि मैत्रीपूर्ण. चषकातून संघ बाहेर पडला की त्या तारखा रिकाम्या. मैत्रीपूर्ण सामना ठरलेला असला, तरी प्रतिस्पर्ध्याचा चषक सामना मध्ये आला की तो ऐनवेळी रद्द होई. प्रेक्षक मैदानाशी येऊन परत जात.

५/
विल्यम मॅकग्रेगर हा बर्मिंगहॅममधला मूळचा स्कॉटिश कापडविक्रेता, अ‍ॅस्टन व्हिला क्लबच्या कारभारातला माणूस. मार्च १८८८ मध्ये त्याने काही प्रमुख क्लबांना पत्र धाडले. सूचना साधी होती : दहा-बारा क्लबांनी एकत्र येऊन दरवर्षी एकमेकांच्या मैदानांवर ठरलेल्या तारखांना सामने खेळावेत. म्हणजेच लीगचा जन्म ‘सर्वश्रेष्ठ कोण’ या प्रश्नातून झालेला नाही. तो झाला ‘येत्या शनिवारी सामना नक्की होणार का’ या प्रश्नातून. दुकानदाराला सुचावी अशीच ही कल्पना आहे. गिऱ्हाईक आले आणि दुकान बंद दिसले, तर ते पुन्हा येत नाही, हे त्याला कुणी शिकवावे लागले नसेल.

६/
बारा क्लब, प्रत्येकी २२ सामने, प्रारंभ ८ सप्टेंबर १८८८. गंमत अशी की गुण कसे मोजायचे हे त्या दिवशी ठरलेलेच नव्हते. विजयाला दोन आणि बरोबरीला एक गुण हा निर्णय हंगाम निम्म्यावर येत असताना, नोव्हेंबरमध्ये झाला. तारखा आधी, गुणतक्ता नंतर. या क्रमातच लीगचे मर्म आहे. (पहिले विजेतेपद प्रेस्टन नॉर्थ एंडने एकही सामना न गमावता मिळवले.)

७/
शनिवारच का? १८५० च्या कारखाना कायद्याने इंग्लंडमधल्या कापड गिरण्या शनिवारी दुपारी दोनला थांबू लागल्या. मजुराला अर्धा दिवस मोकळा मिळाला आणि रेल्वेमुळे पाहुणा संघ सकाळी निघून वेळेत पोहोचू लागला. वेळापत्रकामागे कायदा, भोंगा आणि आगगाडी अशी तिघांची सही आहे.

८/
मुंबईची कथा येथे वेगळी वळते. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या प्रदीर्घ लढ्यानंतर १८९० च्या जूनमध्ये मुंबईच्या गिरणी कामगारांना रविवारची सुटी मिळाली. पुढच्याच वर्षी, १८९१ मध्ये, मुंबईत रोव्हर्स चषक सुरू झाला. दोन्ही घटनांचा परस्परसंबंध नाही आणि तो जोडण्याचा मोहही टाळावा. उलट, संबंध नव्हता हीच लक्षात घेण्याजोगी गोष्ट आहे. सुटी कामगाराने मिळवली, पण स्पर्धा छावणीतून आली. पहिला विजेता वूस्टरशायर रेजिमेंटचा संघ. भारतीय संघाला, बंगलोर मुस्लिम्सला, हा चषक जिंकायला १९३७ उजाडावे लागले.

९/
पलटणीला बाद पद्धतच सोयीची. आज मुंबईत असलेली तुकडी सहा महिन्यांनी कोठे असेल याची खात्री नाही. तिच्याशी वर्षभराच्या तारखा कोण ठरवणार? दोन-तीन आठवड्यांत एका मैदानावर निकाल लावणारी स्पर्धाच तिथे रुजणार. शहरात हारवूड लीगसारखी स्थानिक साखळी होती, तिची प्रतिष्ठाही होती. पण देशभरातले नामांकित संघ मुंबईत येत ते रोव्हर्ससाठी. हैदराबाद सिटी पोलीस संघाचे १९५० ते १९५४ असे सलग पाच विजय आजही सांगितले जातात. हारवूड लीगचा एखादा विजेता किती जणांना आठवतो?

१०/
परिणामी भारतीय फुटबॉलच्या अंगवळणी ‘स्पर्धा’ पडली, ‘हंगाम’ नाही. रोव्हर्स मुंबईत, ड्युरँड आधी सिमल्यात आणि मग दिल्लीत, आयएफए शील्ड कोलकात्यात. संघ एका शहरातून दुसऱ्या शहरात जात राहिले. देशव्यापी लीग सुरू व्हायला १९९६ साल उजाडले. मॅकग्रेगरच्या पत्रानंतर १०८ वर्षे. मुंबईच्या महिंद्रा युनायटेडने २००५–०६ मध्ये ती राष्ट्रीय लीग जिंकली आणि २०१० मध्ये तो संघच बंद झाला.

११/
आता वेळापत्रकाची अंतर्गत रचना पाहू, कारण ‘तारखा ठरवणे’ वाटते तितके सोपे नाही. आठ संघ घ्यावेत. एक संघ जागेवर स्थिर ठेवायचा आणि उरलेले सात त्याच्याभोवती दर फेरीला एकेक घर सरकवायचे. सात फेऱ्यांत प्रत्येकाची प्रत्येकाशी गाठ पडते : २८ सामने. यजमान बदलून तेच पुन्हा खेळवले की ५६. सुपर लीगच्या पहिल्या हंगामात हे ५६, दोन टप्प्यांच्या उपांत्य फेरीचे चार आणि एक अंतिम, असे ६१ सामने झाले.

१२/
खरी कसोटी घरच्या-बाहेरच्या सामन्यांच्या क्रमात असते. प्रत्येक संघाला एक सामना घरी, एक बाहेर, असा अचूक आलटून-पालटून क्रम हवा असतो. पण असे क्रम दोनच संभवतात : ‘घर-बाहेर-घर’ किंवा ‘बाहेर-घर-बाहेर’. दोन संघांचा क्रम तंतोतंत सारखा असेल, तर ते नेहमी एकाच दिवशी घरी आणि एकाच दिवशी बाहेर असतील. त्यांची गाठ कधी पडणारच नाही. म्हणून एकेरी साखळीत निर्दोष क्रम जास्तीत जास्त दोन संघांना मिळू शकतो. आठांपैकी किमान सहा संघांना कोठेतरी सलग दोन सामने घरी किंवा सलग दोन बाहेर खेळावेच लागतात. सर्वांना समान न्याय देणारे वेळापत्रक गणितालाच मान्य नाही. मग तोटा कोणी सोसायचा, हे कोणीतरी ठरवते. वेळापत्रक ही सत्ता आहे, ती याच अर्थाने.

१३/
शेवटच्या दिवसाचाही असाच इतिहास आहे. इंग्लंडमध्ये वरची आणि खालची श्रेणी यांतली अदलाबदल सुरुवातीला ‘कसोटी सामन्यां’नी ठरे. एप्रिल १८९८ मध्ये स्टोक आणि बर्नली यांच्यात असाच सामना झाला. बरोबरी झाली तर दोघांचेही भले होणार होते. सामना अर्थातच ०–० सुटला, दोघांनाही वरच्या श्रेणीत जागा मिळाली, आणि ती पद्धतच मोडीत काढून थेट बढती व घसरण लागू करण्यात आली. सुपर लीगमध्ये खालून वर येण्याची वाट २०२३ मध्ये पंजाबच्या प्रवेशाने उघडली. खाली जाण्याची वाट मात्र २०२४–२५ च्या हंगामापर्यंत कोणी चाललेले नव्हते. दार एकाच बाजूने उघडत असेल, तर तळाच्या संघांचे शेवटचे महिनाभराचे सामने कशासाठी, हा प्रश्न प्रेक्षकाने विचारला तर त्यात त्याचा दोष नाही.

१४/
पुन्हा नेरूळकडे. १८ ऑक्टोबर २०१४ रोजी मुंबई सिटीने याच मैदानावर पुण्याला ५–० असे हरवले, तेव्हा पनवेल, खारघर, बेलापूर या पट्ट्याला प्रथमच लोकलने जाण्याजोगे ‘घर’ मिळाले. दोन हंगामांनंतर, २०१६ मध्ये, ते घर अंधेरीला गेले. २०२०–२१ मध्ये साथीमुळे तर सर्व सामने गोव्यात, फातोर्डा, बांबोळी आणि वास्को येथे, रिकाम्या मैदानांत झाले. यजमान आणि पाहुणा हा भेद केवळ कागदावर उरला.

१५/
आणि तरीही, लीग म्हणून पाहिले तर तोच हंगाम सर्वांत कसदार ठरला. तोवर गुणतक्त्यातील अव्वल संघासाठी शील्ड सुरू झाली होती (पहिली २०१९–२० मध्ये गोव्याने पटकावली). २८ फेब्रुवारी २०२१ रोजी, साखळीच्या अखेरच्या सामन्यात, मुंबई सिटी आणि एटीके मोहन बागान समोरासमोर आले. मुंबई तीन गुणांनी मागे. मुंबईने २–० असा विजय मिळवला, दोघांचे ४० गुण झाले आणि परस्परांमधील निकालांच्या आधारे शील्ड मुंबईकडे आली. वीस सामन्यांचे वजन एका सायंकाळी तोलले गेले. असा क्षण बाद पद्धतीला निर्माण करता येत नाही, कारण त्यामागे तीन महिन्यांहून अधिक काळाची बेरीज असावी लागते.

१६/
याच्या विरुद्ध बाजूचा युक्तिवाद हलका नाही. नव्या लीगला गर्दी हवी, दूरचित्रवाणीला अंतिम सामना हवा, आणि चौथ्या क्रमांकाच्या संघालाही अखेरपर्यंत आशा हवी. हे सर्व खरे आहे. पण त्यासाठी गुणतक्त्याला दुय्यम करण्याची गरज नाही. शील्ड हीच मुख्य पदवी मानावी आणि चषक त्यानंतरचा उत्सव म्हणून जरूर साजरा व्हावा. आज बातम्यांमध्ये, फलकांवर आणि चाहत्यांच्या बोलण्यात क्रम नेमका उलटा असतो.

१७/
मात्र पदवीपेक्षा गंभीर प्रश्न तारखांचाच आहे. महासंघ आणि लीगचे व्यावसायिक आयोजक यांच्यातील १५ वर्षांचा करार २०१० मध्ये झाला होता. त्याची मुदत डिसेंबर २०२५ मध्ये संपणार, हे पहिल्या दिवसापासून ठाऊक होते. तरी जुलै २०२५ मध्ये पुढचा हंगाम स्थगित ठेवल्याचे क्लबांना कळवावे लागले. काही क्लबांनी खेळाडूंचे पगार थांबवले. सामना नाही, म्हणून उत्पन्न नाही, म्हणून पगार नाही : जी साखळी तोडण्यासाठी १८८८ मध्ये लीग जन्मली, ती १३७ वर्षांनी भारतात तशीच्या तशी जोडली गेली.

१८/
खारघर, म्हणजे पनवेल महापालिकेच्याच हद्दीत, सिडकोने फुटबॉल प्रशिक्षणाची मैदाने उभारली आहेत. अशा मैदानांवरून पुढे जाऊ पाहणाऱ्या अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलासाठी वाया गेलेले सहा महिने म्हणजे काय? प्रस्थापित खेळाडूच्या कारकिर्दीत तो एक खंड असतो. या मुलाच्या बाबतीत निवडीची नेमकी तीच खिडकी बंद होते आणि पुढच्या वर्षी त्याच्यामागे नवी मुले उभी असतात. करार, न्यायालय आणि प्रक्षेपण हक्क यांवरील चर्चेत हा मुलगा कोणत्याच बाजूला बसलेला नसतो.

१९/
पावसाकडे बोट दाखवणे सोपे आहे. पनवेलचा पाऊस पाहिलेल्याला ते पटतेही. पण कोलकात्याची जुनी लीग पावसाळ्यातच रंगे. १९११ मध्ये मोहन बागानने शील्ड जिंकली ती जुलैच्या अखेरीस. चिखल हा या देशात फुटबॉलचा शत्रू कधीच नव्हता. पाण्याचा निचरा होणारी मैदाने आणि क्रिकेटशी वाटून न घ्यावी लागणारी स्टेडियमे असतील, तर जूनच्या भीतीने हंगाम आखडण्याचे कारण उरत नाही.

२०/
जानेवारी २०२६ मध्ये अखेर नव्या हंगामाची घोषणा झाली : १४ फेब्रुवारीपासून, १४ संघ, एकेरी साखळी, ९१ सामने. प्रत्येकाच्या वाट्याला १३. त्याआधीच्या हंगामात तो आकडा २४ होता. तेरा ही विषम संख्या असल्याने ठरलेल्या मैदानांवर खेळताना काही संघांना सात सामने घरी मिळणार, काहींना सहा. तो सातवा सामना कोणाला, हे गुणतक्त्यात दिसत नाही. ते पाहण्यासाठी वेळापत्रक वाचावे लागते.