कुर्द भुसावळला उतरला तर

दोस्तहो, कुर्द म्हटलं की आपल्या कट्ट्यावरची बी.ए. झालेली पोरंसुद्धा विचारतात, ही कोण जात? बरोबर विचारतात. जातच ती, देश नसलेली. 1923 च्या लोझानच्या तहानंतर कुर्द माणूस तुर्कस्तान, इराक, इराण, सीरिया अशा चार घरांत वाटला गेला आणि चारही ठिकाणी गावकुसाबाहेर राहिला. तुर्कस्तानात त्याचं सरकारी नाव होतं 'डोंगरी तुर्क'. आपलं नाव 'हरिजन' कुणी ठेवलं होतं, आठवा. 1983 साली तिथल्या लष्करशहांनी कायदा करून त्याची भाषाच बंद केली, ती 1991 पर्यंत. 1988 मध्ये इराकात हलब्जावर सद्दामने विषारी वायू सोडला. हजारो मेले.

बेहरूज बूचानी हा इराणातला कुर्द. गुन्हा काय? मासिक काढलं, आपल्या भाषेत. फेब्रुवारी 2013 मध्ये कचेरीवर छापा, सोबती आत. (आपण इथं वर्गणी बुडाली म्हणून गळे काढतो.) तो पळाला, बोटीतून ऑस्ट्रेलियाकडे गेला, तर तिथल्या सरकारनं त्याला मानुस बेटावर नेऊन कोंडलं. परत जा, परत जा, हा एकच धोशा. गडी गेला नाही. मोबाइलवरून तुकड्यातुकड्यानं निरोप धाडत त्यानं अख्खं पुस्तक बाहेर काढलं. 2020 मध्ये न्यूझीलंडनं आसरा दिला.

आता हाच माणूस भुसावळ टेशनावर उतरला असं समजा. कुठं जाईल? 1951 च्या निर्वासित करारावर भारताची सही नाही. निर्वासिताला आसरा देणारा कायदा नाही, परक्याला पकडणारा आहे. 1946 चा जाऊन 2025 चा आला, पण 'मी परका नाही' हे शाबीत करायचं ओझं अजून पकडलेल्याच्याच डोक्यावर. 2019 चा नागरिकत्व दुरुस्ती कायदा तीन देश आणि सहा धर्म मोजतो. त्यात कुर्द बसत नाही, रोहिंग्या बसत नाही, श्रीलंकेचा तमिळही नाही. जळगावातच बघा. एप्रिल 2025 मध्ये पाकिस्तान्यांचे व्हिसा रद्द झाले तेव्हा जिल्ह्यात तीनशेच्या वर पाकिस्तानी नागरिक होते, बहुतेक सिंधी हिंदू. दीर्घ मुदतीचा व्हिसा असलेल्या हिंदूंना सरकारनं हात लावला नाही. चांगलंच झालं. त्यांना हुसका म्हणणारा आमच्यात कुणी नाही. पण आसऱ्याचं माप माणसाची भीती, की माणसाचा देव?

बाबासाहेबांची घटना फोटोखाली ठेवू नका, उघडा. कलम 19 'नागरिक' म्हणतं. 14 आणि 21 'व्यक्ती' म्हणतात. हा फरक चुकून पडलेला नाही. 1996 मध्ये चकमांच्या खटल्यात सुप्रीम कोर्ट म्हणालं, नागरिक असो वा नसो, त्याचा जीव राखणं हे राज्याचं काम. 1998 मध्ये गुजरात हायकोर्टानं इराकी निर्वासितांच्या बाबतीत, जीव जाईल तिथं माणूस परत ढकलू नये, हे तत्त्व 21 मध्येच वाचलं. आणि 8 एप्रिल 2021 ला जम्मूच्या रोहिंग्यांचं प्रकरण आलं तेव्हा? 14 आणि 21 परक्यालाही आहेत हे कबूल, पण हद्दपार न होण्याचा हक्क 19 च्या पोटातला, म्हणून फक्त नागरिकाचा! रीतसर प्रक्रिया करा आणि पाठवा. वा रे वा. मरायला पाठवायचीही रीत असते.

'आमले काय करनं शे?' म्हणणाऱ्या खान्देशी भावांनो, जुलै 1998 आठवा. युतीचं सरकार. मुंबईतले बंगाली बोलणारे मुसलमान कारागीर बांगलादेशी ठरवून पोलिसांनी हावड्याच्या गाडीत कोंबले. ती गाडी चाळीसगाव, पाचोरा, जळगाव, भुसावळ ओलांडल्याशिवाय पुढं जात नाही. आपल्या फलाटावर चहा विकला गेला असेल. तिकडं बंगालात उलुबेरियाला मात्र लोकांनी गाडी अडवली आणि माणसं उतरवून घेतली. जून 2025 मध्ये पुन्हा तेच: मुंबई-ठाण्यातून उचललेले पश्चिम बंगालचे मजूर सीमेपलीकडं ढकलले, आणि तिथल्या सरकारनं कागद दाखवल्यावर काही परत आले. म्हणजे परका ठरायला परदेशी असावं लागत नाही.

धुळ्याला हे नव्यानं सांगायला नको. 1 जुलै 2018, साक्री तालुक्यातलं राईनपाडा, रविवारचा बाजार. मंगळवेढ्याकडचे पाच नाथपंथी डवरी गोसावी, पोरं पळवणारे म्हणून ग्रामपंचायतीच्या खोलीत ठेचून मारले. भटक्याला गुन्हेगार ठरवणारा 1871 चा कायदा, त्यातली पोलीस हजेरी, गाव सोडायचा पास, हे आपल्याच आज्यापणज्यांनी भोगलंय. ज्याच्या घरात पासाची आठवण आहे त्यानं दुसऱ्याकडं पास मागायचा?

म्हणून पोरांनो, मोर्चा निघेल तेव्हा निघेल, आधी एक काम करा. जळगाव आणि धुळ्याच्या कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाची कचेरी आहे. 1987 च्या विधी सेवा कायद्याच्या कलम 12 मध्ये कोठडीतल्या माणसाला फुकट वकील मिळतो, आणि तिथंही 'नागरिक' हा शब्द नाही. तो अर्ज कसा भरायचा ते शिकून घ्या. उचललेल्याला रात्रीच्या गाडीत बसवायच्या आत तो पोचला पाहिजे.