ऊद विकणाऱ्यांना अखेरचा इशारा

कतारमध्ये ऊद, म्हणजे अगरूचे सुगंधी लाकूड, विकणारे दुकानदार, मुंबईतून तो पाठवणारे व्यापारी आणि कपड्यांच्या घड्यांत दडवून आणणारे प्रवासी, या तिघांना हा जाहीर इशारा आहे. येत्या रमजान ईदपर्यंत मुदत आहे. त्यानंतर परवान्याच्या कागदाविना आलेल्या उदाला कतारमधल्या आम्हा मराठी गिऱ्हाइकांच्या घरांचे दार बंद.

किनाऱ्यावरची खारफुटी सोडली तर कतारला जंगल नाही. दोह्याच्या सूक वाकिफ बाजारात विकला जाणारा उदाचा प्रत्येक तुकडा परक्या देशातून येतो. म्हणूनच रान उजाड झाल्याचे इथे कोणाला दिसत नाही. दिसतो तो फक्त चढा भाव, आणि तो भावच आणखी कुऱ्हाडी चालवतो.

अगरूच्या निरोगी झाडात ऊद नसतो. खोडाला जखम झाली, कीड लागली, बुरशी शिरली, की झाड बचावासाठी काळी राळ धरते. हे थोड्याच झाडांत होते, आणि आत राळ आहे की नाही याची बाहेरून खात्री पटत नाही. म्हणून चोर दिसेल ते झाड पाडतो, रिकामे निघाले की पुढच्याकडे वळतो. व्हिएतनामच्या रानांतला अगरू असाच जवळजवळ संपला. मग कंबोडिया, लाओस, पुढे बोर्निओ आणि पापुआ. आपल्या ईशान्य भारतातही रानटी अगरू जवळजवळ उरला नाही. या झाडाची गणना आज जगातल्या अतिसंकटग्रस्त प्रजातींत होते.

कायदा माहीत नव्हता, ही सबब चालणार नाही. वन्य प्राणी-वनस्पतींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या साइट्स कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात, म्हणजे परवान्याविना व्यापार न करता येणाऱ्यांच्या यादीत, आसामचा अगरू 1995 पासून आहे, आणि अगरूच्या सगळ्या प्रजाती 2005 पासून. कतार 2001 मध्ये या करारात आला. मार्च 2010 मध्ये साइट्सची जागतिक परिषद याच दोह्यात भरली. भारतानेही 2022 च्या दुरुस्तीने साइट्सच्या याद्या वन्यजीव संरक्षण कायद्यात घेतल्या.

कायदेशीर माल मिळत नाही, ही सबबही संपली आहे. आसामात शेतकऱ्यांनी परसात लावलेली अगरूची झाडे आहेत, होजाईला त्याची मोठी बाजारपेठ आहे. भारताने एप्रिल 2024 पासून वर्षाला 1,51,080 किलो तुकडे व भुकटी आणि 7,050 किलो तेल निर्यात करण्याचा कोटा जाहीर केला. सरळ रस्ता खुला असताना जो चोरवाटेने माल आणतो, तो त्या शेतकऱ्याच्या पोटावर पाय देतो. आणि साध्या लाकडात तेल मुरवून ते ऊद म्हणून विकणारा गिऱ्हाइकालाही लुटतो.

आमच्या मागण्या तीनच आहेत.

1. प्रत्येक मालासोबत झाडाची प्रजाती, मूळ देश आणि लागवडीचा की रानातला, हे लेखी द्या. ‘हिंदी’ किंवा ‘कंबोडी’ एवढी पाटी पुरेशी नाही.

2. साइट्सच्या निर्यात किंवा पुनर्निर्यात परवान्याची प्रत दुकानात ठेवा आणि मागितली की दाखवा.

3. गावी निघालेल्या किंवा परतणाऱ्या माणसाच्या हाती उदाची, चंदनाची, रक्तचंदनाची पुडकी देणे थांबवा. स्वतःच्या वापरासाठी उदाचे 1 किलो तुकडे आणि 24 मिलिलिटर तेलापर्यंतची सवलत साइट्सच्या ठरावात आहे. ती प्रत्येक देशात लागू असेल असे नाही, आणि विक्रीच्या मालाला तर मुळीच नाही. पकडला जातो तो पोटासाठी इथे आलेला कामगार. पाठवणारा नामानिराळा राहतो.

मुदत संपल्यावर काय होईल, तेही ऐका. कागद न दाखवणाऱ्या दुकानातून आम्ही तोळाभरही घेणार नाही, आणि लग्नाच्या, ईदच्या, दिवाळीच्या खरेदीला निघालेल्या प्रत्येक ओळखीच्या कुटुंबाला तेच सांगू. संशयित मालाची तक्रार इथे पर्यावरण मंत्रालयाकडे आणि तिकडे भारतात वन्यजीव गुन्हे नियंत्रण ब्युरोकडे जाईल. ओळखपाळख, गाववाले, उधारीचे संबंध, काहीही आड येणार नाही.

रत्नागिरी-रायगडपासून नागपूरपर्यंतच्या, कतारमध्ये राहणाऱ्या मराठी माणसांनाही सांगणे आहे. धुपाटण्यात ऊद जरूर जाळा, भेट म्हणून अत्तरही न्या. पण पैसे मोजण्याआधी कागद मागा. दुकानदाराने टाळाटाळ केली, तर माल काउंटरवर ठेवून बाहेर पडा.