विद्यापीठ आणि तिकीटखिडकी

शिकागो विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने १९३९ च्या हंगामात आठ सामने खेळले आणि त्यांपैकी सहा गमावले. हार-जीत खेळात चालायचीच. पण हे पराभव साधे नव्हते. मिशिगनने या संघावर ८५-० अशी मात केली. हार्वर्ड व ओहायो स्टेट यांनी प्रत्येकी ६१-०, व्हर्जिनियाने ४७-० आणि इलिनॉयने ४६-० अशी त्याची दाणादाण उडवली. बेलॉइटसारख्या लहानशा महाविद्यालयापुढेही त्याचे काही चालले नाही. वाबाश व ओबर्लिन या छोट्या महाविद्यालयांवरील दोन विजय एवढीच काय ती जमेची बाजू. हंगाम संपताच, त्याच डिसेंबरात, विद्यापीठाच्या विश्वस्तांनी आंतरविद्यापीठीय फुटबॉल बंद करण्याचा निर्णय जाहीर केला.

हरणाऱ्याने डाव मोडला, असे वरवर पाहणाऱ्याला वाटेल. परंतु शिकागो हे या खेळातील ऐरेगैरे नाव नव्हते. अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपल्या परिचयाचा फुटबॉल नव्हे. लंबगोल चेंडू हातात घेऊन, प्रतिस्पर्ध्यांना अंगाने भिडत पुढे सरकण्याचा हा रांगडा खेळ विद्यापीठांच्या अंगणातच वाढला. धंदेवाईक संघ मागाहून आले. १८९२ मध्ये शिकागो विद्यापीठाचे वर्ग सुरू झाले तेव्हापासूनच पहिले अध्यक्ष विल्यम हार्पर यांनी अमॉस अलोंझो स्टॅग यांना अध्यापकाचा दर्जा देऊन संघाच्या शिक्षणासाठी नेमले होते. स्टॅग त्या जागी १९३२ पर्यंत राहिले. १९०५ मध्ये त्यांच्या संघाने मिशिगनला २-० असे हरवले आणि त्या संघाची छप्पन्न सामन्यांची अपराजित परंपरा खंडित केली. देशातील सर्वोत्तम विद्यार्थी खेळाडूला दिला जाणारा, पुढे हाइसमन या नावाने प्रसिद्धीस आलेला करंडक १९३५ मध्ये प्रथम दिला गेला, तो शिकागोच्याच जे बर्वँगरला. अशा घराण्याने चार वर्षांत मैदान सोडावे, याचे कारण पराभवापलीकडे शोधले पाहिजे.

ते कारण म्हणजे रॉबर्ट हचिन्स. १९२९ मध्ये वयाच्या तिसाव्या वर्षी विद्यापीठाचे अध्यक्ष झालेल्या या माणसाला विद्यापीठ हे विद्येसाठी असते, हे सांगण्याची लाज वाटत नव्हती. १९३८ मध्ये ‘सॅटर्डे ईव्हनिंग पोस्ट’ या साप्ताहिकात लिहिलेल्या लेखात त्यांनी या रोगाचे मूळ नेमके दाखवले. दोष खेळाचा नाही, तिकीटखिडकीवर जमणाऱ्या पैशाचा आहे, असे त्यांचे म्हणणे होते. प्रेक्षक हवेत म्हणून विजय हवा, विजय हवा म्हणून खेळाडू हवेत, आणि खेळाडू हवेत म्हणून प्रवेशाचे व परीक्षेचे नियम वाकवायचे, असे हे चक्र होते. ज्याने ते फिरवायचे नाकारले त्याच्या वाट्याला ८५-० हा निकाल येणार, हे उघडच होते. तेव्हा प्रामाणिकपणाने हरत राहणे, अप्रामाणिकपणाने जिंकणे किंवा खेळ थांबवणे, एवढेच मार्ग उरले. शिकागोने तिसरा पत्करला.

या निर्णयावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो दुर्लक्षिण्याजोगा नाही. त्या दिवशी ८५ गुण करणारे मिशिगन हेही अमेरिकेतील श्रेष्ठ विद्यापीठांपैकीच आहे. एक लाखाहून अधिक प्रेक्षक सामावणारे मैदान आणि नामांकित ग्रंथालय तेथे एकत्र नांदतात. मग फुटबॉल सोडल्यानेच विद्या वाढते, असे कसे म्हणावे? तसे म्हणता येणारही नाही. खुद्द शिकागोनेही तसे मानले नाही. १९६९ मध्ये विद्यापीठाचा अधिकृत संघ पुन्हा मैदानात उतरला; मात्र ज्या विभागात खेळासाठी शिष्यवृत्ती दिली जात नाही, त्या विभागात तो आजही खेळतो. म्हणजे शिकागोने टाकला तो खेळ नव्हे, त्याचा बाजार.

हा बाजार ज्यांनी ठेवला त्यांनी त्याचा हिशेब कसा मांडला, हे पाहण्यासारखे आहे. १९५५ मध्ये कोलोराडोतील एका महाविद्यालयाचा खेळाडू सामन्यात झालेल्या दुखापतीने मरण पावला. त्याच्या विधवेने कामगारांना लागू असलेली नुकसानभरपाई मागितली. महाविद्यालय फुटबॉलचा धंदा करीत नाही, असे सांगून राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये ती नाकारली. ‘विद्यार्थी-खेळाडू’ हा शब्द रुजला तो याच दशकात, अशाच दाव्यांच्या छायेत. धंदा नाही म्हणून खेळाडूच्या पत्नीला भरपाई नाही. आणि तरीही अनेक राज्यांत सर्वाधिक पगार घेणारा सरकारी नोकर कोण, तर राज्य विद्यापीठाचा फुटबॉल प्रशिक्षक! या विसंगतीला दुटप्पीपणा याखेरीज दुसरे नाव नाही.

हे ढोंग आता गळून पडले आहे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ॲल्स्टन खटल्यात विद्यापीठांच्या क्रीडा संघटनेविरुद्ध एकमताने निकाल दिला. त्याच वर्षी खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिरातींतून कमाई करण्याची मुभा मिळाली. २०२५ मध्ये मंजूर झालेल्या तडजोडीनुसार विद्यापीठे खेळाडूंना थेट मोबदला देऊ शकतात. पहिल्या वर्षासाठी प्रत्येक विद्यापीठाची मर्यादा सुमारे दोन कोटी पाच लाख डॉलर ठरली. ज्यांच्या घामावर बाकी सारे श्रीमंत झाले त्यांना वाटा मिळाला, यात न्यायच आहे. परंतु आपल्या दारात धंदा चालतो, ही कबुलीही त्यात आहे. हचिन्स यांनी जे टीका म्हणून मांडले होते, ते आता रीतसर करारात उतरले आहे.

मग प्रश्न फुटबॉलपुरता राहत नाही. विद्यापीठाला पैसा लागतो आणि तो बहुधा विद्येबाहेरूनच येतो. तो घेण्यात पाप नाही. पण तो देणारा प्रवेश कोणाला द्यावा, कोणाला उत्तीर्ण करावे आणि मानाचे स्थान कोणाला मिळावे हे ठरवू लागला, की पाटी विद्यापीठाची आणि दुकान दुसऱ्याचेच, अशी स्थिती होते. त्या क्षणी नको म्हणण्याची ताकद संस्थेत असावी लागते आणि ती हरण्याची तयारी असल्याखेरीज येत नाही.

शिकागोच्या जुन्या स्टॅग फील्डवर १९३९ नंतर मोठे सामने झाले नाहीत. त्याच्या पश्चिमेकडील प्रेक्षागाराखाली २ डिसेंबर १९४२ रोजी एन्रिको फर्मी व त्यांच्या सहकाऱ्यांनी पहिली नियंत्रित अणुशृंखला घडवून आणली. त्या शोधाचे पुढे काय झाले, हा स्वतंत्र व गंभीर विषय आहे. १९५७ मध्ये ते प्रेक्षागार पाडले गेले आणि १९७० पासून त्या जागी विद्यापीठाचे मुख्य ग्रंथालय उभे आहे. ८५-० हा पराभव नोंदवहीत कायम आहे. तो लपवावा असे त्या विद्यापीठाला वाटण्याचे काहीच कारण नाही.